तीस दिवसांची मुदत

सरकारला एखाद्याची जमीन हवी झाली, तर ती घेण्यापूर्वी त्या माणसाचे म्हणणे ऐकून घ्यावे, ही गोष्ट आज इतकी साधी वाटते की, तिलाही काही इतिहास असेल असे आपल्या मनात येत नाही. परंतु आपल्या देशात भूसंपादनाचा पहिला कायदा झाला तो १८२४ साली आणि मालकाला हरकत घेण्याचा हक्क मिळाला तो १९२३ साली. मधली ९९ वर्षे जमीनमालकापुढे प्रश्न एकच होता : किंमत काय घेणार? द्यायची की नाही, हे त्याला कोणी विचारीतच नव्हते.

साष्टी, वसई, ठाणे, रायगड या पट्ट्यातील आपल्या कुटुंबांना भूसंपादन हा शब्द नवा नाही. रेल्वे, विमानतळ, औद्योगिक वसाहती, महामार्ग, जलवाहिन्या आणि अलीकडच्या काळात विरार-अलिबाग मार्ग व मुंबई-अहमदाबाद द्रुतगती रेल्वे अशा एकामागून एक योजनांच्या आखणीत आपली शेते, वाड्या आणि कधी कधी राहती घरेही आली आहेत. आलेली नोटीस हातात घेऊन गावातील वडीलधारी मंडळी जेव्हा एकत्र बसतात, तेव्हा 'सरकारपुढे कुणाचे चालते?' हे वाक्य हमखास ऐकू येते. ते पुष्कळ अंशी खरे आहे. परंतु पूर्णपणे खरे नाही. सरकारपुढे आपले किती चालते, याची रेषा गेल्या दोनशे वर्षांत अनेकदा पुढेमागे सरकली आहे. ती कोणी, केव्हा आणि कशी सरकविली, हे पाहण्याचा आमचा हा प्रयत्न आहे.

बंगाल इलाख्यातील १८२४ चा पहिला विनियम हा या कथेचा आरंभ. रस्ते, कालवे आणि इतर सार्वजनिक कामे, त्याचबरोबर मिठाचे उत्पादन, यांसाठी योग्य किंमत देऊन जमीन घेण्याची सोय त्याने कंपनी सरकारला करून दिली. आपल्या मुंबईत १८३९ च्या अठ्ठाविसाव्या कायद्याने मुंबई व कुलाबा या बेटांवरील रस्ते रुंद करण्यासाठी आणि नवे काढण्यासाठी खाजगी जागा घेता येऊ लागल्या. पुढे १८५० साली हाच अधिकार रेल्वेच्या कामापर्यंत वाढविण्यात आला आणि तीनच वर्षांनी, १६ एप्रिल १८५३ रोजी, बोरीबंदराहून ठाण्याला पहिली आगगाडी धावली. त्या गाडीचे कौतुक आपण शाळेच्या पुस्तकात वाचले. तिच्या रुळांखालच्या जमिनीची कथा मात्र कोणत्याही पाठात आली नाही.

सर्व मुलुखासाठी एकच कायदा झाला तो १८५७ साली. मालकाशी किमतीचा सौदा जमला नाही, तर प्रश्न पंचांकडे जाई आणि पंचांचा निर्णय अंतिम मानला जाई. हे पंच पुष्कळदा अननुभवी आणि काही ठिकाणी चक्क लाचखाऊ निघाले. म्हणून १८७० च्या कायद्याने पंचांना दूर सारून किमतीचा वाद दिवाणी न्यायालयाकडे नेण्याची वाट काढली. जमीनमालकाला मिळालेले हे पहिले खरे संरक्षण, असे आम्हांला वाटते. कलेक्टरने ठरविलेली किंमत ही सरकारने पुढे केलेली बोली असून शेवटचा शब्द न्यायाधीशाचा आहे, हे तत्त्व त्यातून रुजले.

त्यानंतर आला १८९४ चा पहिला कायदा. तो १ मार्च १८९४ रोजी अमलात आला आणि २०१३ सालच्या डिसेंबरअखेरपर्यंत टिकला. परकीय राजवटीने केलेला हा कायदा स्वराज्यात तिच्या अमलापेक्षाही अधिक वर्षे वापरला गेला, ही गोष्ट नोंद घेण्यासारखी आहे.

त्याची चाल सर्वांना ठाऊक असलेलीच होती. कलम ४ ची प्राथमिक अधिसूचना, कलम ६ चे जाहीर प्रकटन, कलम ९ ची नोटीस, कलम ११ चा निवाडा आणि मग कब्जा. किंमत मान्य नसल्यास कलम १८ खाली न्यायालयाकडे प्रकरण पाठविण्याची मागणी करावयाची. बाजारभावावर १५ टक्के अधिक रक्कम देण्याची तरतूद होती, कारण ही खरेदी सक्तीची आहे हे कायद्यालाही मान्य होते. परंतु त्याच कायद्याचे कलम २४ उघडून पाहिले म्हणजे मन खिन्न होते. मोबदला ठरविताना कोणत्या गोष्टी मुळीच विचारात घ्यावयाच्या नाहीत याची त्या कलमात यादी आहे आणि तिच्यातील दुसरीच बाब म्हणजे जमीन सोडण्याविषयी मालकाला वाटणारी नाखुषी. एका हाताने सक्तीबद्दल १५ टक्के द्यावयाचे आणि दुसऱ्या हाताने 'तुझ्या नाखुषीचा हिशेब होणार नाही' असे बजावायचे!

बायबलच्या वाचकांना येथे नाबोथाच्या द्राक्षमळ्याची आठवण होईल. अहाब राजाने नाबोथाला मोबदला देऊ केला नव्हता असे नाही; अधिक चांगला मळा किंवा रोख किंमत, दोन्ही पर्याय त्याने पुढे ठेवले होते. आजच्या भाषेत बोलावयाचे, तर योजना उदार होती. नाबोथाचा नकार वडिलोपार्जित वतनासाठी होता. त्या नकाराला मान देण्याची सोय अहाबापाशी नव्हती आणि ती १८९४ च्या कायद्यापाशीही नव्हती.

याचा प्रत्यय १९०० नंतर लवकरच आला. कलकत्त्यातील एका मालकाची जागा बँक ऑफ बेंगॉलसाठी घेण्यात येत होती. आपले ऐकून न घेता हे सारे चालले आहे, अशी तक्रार घेऊन तो न्यायालयात गेला. कायद्यात मालकाला ऐकण्याची तरतूदच नाही, असे उच्च न्यायालयात स्पष्ट झाले. पुढे १९०५ साली प्रिव्ही कौन्सिलनेही कलेक्टरचे काम हे प्रशासकीय स्वरूपाचे असून त्याचा निवाडा म्हणजे सरकारची बोली होय, असे ठरविले. इकडे मुंबईत मलबार टेकडीवरील भाडेपट्ट्याच्या जागा सरकारी अधिकाऱ्यांच्या निवासासाठी परत घेण्याचा वाद १९१४ साली प्रिव्ही कौन्सिलपुढे गेला आणि तेथेही सरकारची सरशी झाली. सार्वजनिक प्रयोजन म्हणजे ज्यात एकट्यादुकट्याचे नव्हे, तर समाजाचे सर्वसाधारण हित गुंतलेले असते ते, ही व्याख्या त्याच प्रकरणातून आली. व्याख्या चांगली आहे. मात्र साहेबांचे बंगले तीत कसे बसले, हे कोडे आम्हांला अजून उलगडलेले नाही.

कायद्यातील ही उणीव कागदावरून उतरून माणसांच्या आयुष्यात कशी शिरते, हे महाराष्ट्राने पाहिले ते मुळशीत. मुंबईच्या गिरण्यांना वीज पुरविण्यासाठी टाटा कंपनीने नीला व मुळा या नद्यांच्या संगमाजवळ धरण बांधण्याचे ठरविले आणि मावळातील पन्नासाहून अधिक गावांच्या जमिनी पाण्याखाली जाण्याचा प्रसंग आला. जमिनी रीतसर ताब्यात येण्यापूर्वीच शेतांतून चाचणीचे खड्डे खणले जाऊ लागले. मावळ्यांना पूर्वसूचना नव्हती, विचारणा नव्हती. भाताची खाचरे खणलेली पाहून त्यांना धरणाची वार्ता कळली. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीच्या दिवशी, सत्याग्रहाला आरंभ झाला. (पहिल्या आगगाडीचीही तारीख हीच, हा निव्वळ योगायोग.) 'जान किंवा जमीन' ही त्यांची प्रतिज्ञा होती. पांडुरंग महादेव बापट यांना 'सेनापती' ही पदवी मिळाली ती याच लढ्यात; विनायकराव भुस्कुटे यांनीही त्यासाठी तुरुंगवास पत्करला.

कंपनीने काही महिने काम थांबविले. परंतु १९२१ साल संपता संपता ते पुन्हा सुरू झाले. सरकारने १८९४ चा कायदा कंपनीच्या पाठीशी उभा केला. कंपनीसाठी जमीन घ्यावयाची असेल, तर काम लोकोपयोगी आहे की नाही याची चौकशी करण्याची तरतूद त्या कायद्यात होती. पण ती सरकारने आपल्या समाधानापुरती करावयाची होती, मालकाच्या हक्काची नव्हती.

मुळशीच्या पराभवाची कारणे सांगताना आपण सहसा सरकार आणि कंपनी यांच्यापाशी थांबतो. तेवढे पुरेसे नाही. ज्यांच्या नावावर या जमिनी होत्या, त्यांपैकी बरेच सावकार पुण्यात राहत. जमीन कसणारा मावळा हा पुष्कळ ठिकाणी त्यांचे कूळ होता. मोबदल्याचा आकडा वाढू लागला तसे या सावकारांचे लक्ष जमिनीवरून रकमेकडे वळले. रक्कम ज्याच्या नावाचा कागद त्याच्या हाती पडणार होती. आणि ज्याच्या पायाखालची जमीन जाणार होती, त्याच्या नावाचा कागदच नव्हता. १९२४ साली सेनापती बापटांनी कामगारांची गाडी अडवून शस्त्र हाती घेतले. त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली आणि लढा संपला. कायदा ज्याला 'हितसंबंधित व्यक्ती' म्हणतो ती नेमकी कोण, हा प्रश्न मुळशीने उभा केला. त्याचे समाधानकारक उत्तर मिळण्यास पुढे ९० वर्षे लागली.

मुळशीचा लढा चालू असतानाच, १९२३ साली, १८९४ च्या कायद्यात कलम ५-अ घालण्यात आले. जमिनीत हितसंबंध असलेल्यांना हरकत घेण्याचा हक्क कायद्यात नाही आणि सरकारवर तिची चौकशी करण्याचे बंधनही नाही, ही उणीव दुरुस्तीच्या उद्देशपत्रिकेतच मान्य केलेली होती. आता अधिसूचनेपासून ३० दिवसांत मालकाने कलेक्टरकडे लेखी हरकत द्यावयाची, कलेक्टरने त्याला समक्ष किंवा वकिलामार्फत ऐकावयाचे, चौकशी करून अहवाल सरकारकडे पाठवावयाचा आणि मग सरकारने निर्णय घ्यावयाचा, अशी रीत सुरू झाली. त्याच दुरुस्तीने बाजारभाव मोजण्याची तारीख कलम ६ च्या प्रकटनावरून कलम ४ च्या अधिसूचनेवर आणली. हा बदल दिसावयास किरकोळ होता, परंतु त्याचे परिणाम दूरगामी झाले. कलम ४ ची अधिसूचना निघाली की भाव गोठला. मग निवाडा पाच वर्षांनी होवो की पंधरा.

आणखी एक गोष्ट सांगितल्यावाचून राहवत नाही. ज्या दुरुस्तीने सुनावणी दिली, तिनेच कलम १७ मध्ये एक पोटकलम घालून तातडीच्या प्रसंगी ही सुनावणी गाळण्याची मुभा सरकारला दिली. आणि तातडीने कोणती जमीन घेता येईल? पडीक किंवा लागवडीची. म्हणजे शहरातल्या घरवाल्याला थोडा श्वास घेण्याची सवड होती. नांगरट करणाऱ्याला तीही नव्हती.

स्वातंत्र्यानंतर घटनेने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांत घातला. सर्वोच्च न्यायालयाने १९५३ अखेरीस बंगालच्या एका प्रकरणात मोबदला म्हणजे जमिनीची पूर्ण व न्याय्य किंमत असा अर्थ लावला. त्यावर १९५५ च्या चौथ्या घटनादुरुस्तीने मोबदल्याच्या पुरेपणाचा प्रश्न न्यायालयाच्या कक्षेबाहेर काढला. जमीनदारी नष्ट करावयाची होती, कुळांना जमिनी द्यावयाच्या होत्या, त्यासाठी हे आवश्यक होते, हे आम्हांला मान्य आहे. आपल्यापैकी पुष्कळ कुटुंबे कूळकायद्यामुळेच जमिनीचे मालक झाली आहेत. पुढे १९६४ च्या सतराव्या दुरुस्तीने एक संरक्षण दिले, ज्याची चर्चा फारशी होत नाही : स्वतः कसत असलेली, कमाल मर्यादेच्या आतील जमीन सरकारला घ्यावयाची झाल्यास बाजारभावाहून कमी मोबदला देता येणार नाही. ही तरतूद घटनेच्या अनुच्छेद ३१-अ मध्ये आजही आहे. चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने मात्र मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून काढला आणि २० जून १९७९ पासून तो अनुच्छेद ३००-अ मध्ये, कायद्याच्या आधारावाचून कोणाचीही मालमत्ता हिरावली जाणार नाही, एवढ्या एका वाक्यात येऊन बसला.

न्यायालये आणि विधिमंडळ यांच्यातील या रस्सीखेचीचा एक मासला देऊन हा भाग आटोपता घेऊ. उत्तर प्रदेशात कापडगिरण्यांच्या यंत्रांचे सुटे भाग बनविणाऱ्या खाजगी कंपनीसाठी जमीन घेण्यात आली होती. केवळ कंपनीचा माल लोकांना उपयोगी पडतो एवढ्याने भागत नाही, काम थेट लोकांच्या उपयोगाचे हवे, असे म्हणून सर्वोच्च न्यायालयाने १९६१ च्या डिसेंबरात ते संपादन रद्द केले. वर्ष पुरे होण्यापूर्वीच, १९६२ साली, कायदा बदलला आणि पूर्वी झालेली अशी संपादनेही कायदेशीर ठरविण्यात आली.

आता आपल्या दाराशी येऊ. ३ फेब्रुवारी १९७० रोजी नव्या मुंबईसाठी कलम ४ ची अधिसूचना निघाली आणि मार्चमध्ये सिडकोची स्थापना झाली. ठाणे व तेव्हाचा कुलाबा, म्हणजे आजचा रायगड, या जिल्ह्यांतील सुमारे ९५ गावे त्या आखणीत आली. आगरी, कोळी आणि इतर शेतकऱ्यांच्या भातशेतीचा, मिठागरांचा भाव त्या दिवसापाशी थांबला. शहर मात्र वाढत राहिले. दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली उभ्या राहिलेल्या आंदोलनावर जानेवारी १९८४ मध्ये जासई परिसरात गोळीबार झाला आणि पाच शेतकरी मृत्युमुखी पडले. त्या रक्ताची किंमत म्हणून जे मिळाले, ते 'साडेबारा टक्के' या नावाने आज सर्वांना ठाऊक आहे : संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के इतकी विकसित जमीन मूळ मालकाला परत. राज्य शासनाने हे धोरण १९९० मध्ये स्वीकारले. १८९४ च्या कायद्यात असे कोणतेही कलम नव्हते. पैशाऐवजी जमिनीत वाटा, ही कल्पना वकिलांच्या पुस्तकातून आलेली नसून जासईच्या रस्त्यावरून आलेली आहे.

त्याच वर्षी, २४ सप्टेंबर १९८४ पासून, केंद्राने जुन्या कायद्यात मोठी दुरुस्ती केली. १५ टक्क्यांची दिलासा रक्कम ३० टक्के झाली. अधिसूचनेपासून निवाडा किंवा कब्जा यांपैकी जे आधी होईल तोपर्यंत बाजारभावावर वर्षाला १२ टक्के जादा रक्कम ठरली. प्रकटनापासून दोन वर्षांत निवाडा झाला नाही, तर सारी कारवाई रद्द होऊ लागली. कलम २८-अ ने तर गरिबांसाठी एक दार उघडले : एकाच अधिसूचनेतील शेजारी न्यायालयात जाऊन वाढीव मोबदला मिळवून आला, तर न्यायालयात न गेलेल्या शेतकऱ्यालाही त्या निकालापासून तीन महिन्यांत तशीच वाढ मागता येऊ लागली.

तरीही एका जुन्या अटीने किती कुटुंबांचे नुकसान केले असेल, याचा हिशेब कोणी ठेवलेला नाही. मोबदल्याची रक्कम घेताना 'हरकत राखून घेत आहे' असे लेखी नोंदविले नाही, तर वाढीव मोबदल्यासाठी कलम १८ खाली न्यायालयाकडे जाण्याचा हक्क बुडत असे. धनादेश घेताना सही कुठे करायची एवढेच सांगितले जाई. सहीच्या वर चार शब्द लिहायचे असतात, हे सांगणारा कोणी नसे. ज्या गावात शाळामास्तर किंवा धर्मगुरू जागरूक होते, तेथे ते चार शब्द लिहिले गेले.

तातडीच्या कलमाला न्यायालयाने वेसण घातली ती महाराष्ट्रातील एका प्रकरणात. निवासी व औद्योगिक क्षेत्राच्या विकासासाठी म्हणून काही जमिनींवर कलम १७ लावून सुनावणी गाळण्यात आली होती. विकासाचे काम वर्षानुवर्षे चालते. त्यात ३० दिवसांची सुनावणी न परवडण्याइतकी घाई कोठून आली, हे शासनाने दाखवून दिले पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७६ साली ठरविले. एवढे होऊनही पुढची ३५ वर्षे तातडीचे कलम सर्रास वापरले गेले. अखेर २०११ च्या सुमारास दिल्लीनजीकच्या नोएडा परिसरातील संपादने याच कारणावरून न्यायालयात कोसळू लागली, तेव्हा कोठे शासनाचे डोळे उघडले.

वसई आणि मुंबईच्या उपनगरांत मात्र वेगळा घोटाळा होतो आणि तो येथे स्पष्ट करणे आवश्यक आहे. विकास आराखड्यात जमिनीवर आरक्षण पडणे म्हणजे संपादन नव्हे. वसईच्या टापूसाठी १९९० मध्ये सिडकोला विशेष नियोजन प्राधिकरण नेमण्यात आले आणि फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या नेतृत्वाखालील हरित वसईच्या चळवळीने रान उठविले, ते नियोजनाच्या विरोधात होते. आरक्षण पडलेल्या जमिनीचा मालक नावापुरता मालक राहतो. विकता येत नाही, बांधता येत नाही आणि मोबदलाही मिळत नाही. यासाठी महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम १२७ मध्ये एक उपाय आहे. आराखडा अमलात आल्यापासून दहा वर्षांत जमीन संपादित झाली नाही, तर मालकाने प्राधिकरणावर खरेदीची नोटीस बजावावयाची. आणि ठरलेल्या मुदतीत संपादनाची पावले पडली नाहीत, तर आरक्षण संपते. ही मुदत आरंभी सहा महिन्यांची होती, २०१५ मध्ये ती चोवीस महिन्यांवर नेण्यात आली. नोटीस आपणहून द्यावी लागते, ही गोष्ट लक्षात घेण्याजोगी. दहा वर्षे उलटली म्हणून आरक्षण आपोआप उठत नाही.

सन २००६ मध्ये पश्चिम बंगालमधील सिंगूर येथे टाटांच्या छोट्या मोटारीच्या कारखान्यासाठी ९९७ एकर जमीन घेण्यात आली आणि ८५ वर्षांपूर्वीच्या मुळशीचे नाव पुन्हा लोकांच्या ओठांवर आले. या वेळी शेवट वेगळा झाला. ३१ ऑगस्ट २०१६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे संपादन रद्द करून जमीन बारा आठवड्यांत परत करण्याचा आदेश दिला. दहा वर्षे शेतीला मुकलेल्या शेतकऱ्यांनी घेतलेला मोबदला परत करण्याचीही गरज नाही, असे सांगितले. त्यातील एक महत्त्वाचे कारण असे की, कलम ५-अ खालच्या हरकतींचा मनापासून विचारच झाला नव्हता. म्हणजे १९२३ साली मावळ्यांच्या उपयोगी न पडलेले ते कलम ९३ वर्षांनी बंगालच्या शेतकऱ्यांच्या उपयोगी पडले.

तोवर नवा कायदा आला होता. वाजवी मोबदला, पारदर्शकता, पुनर्वसन व पुनर्वसाहत यांचा २०१३ चा हा कायदा १ जानेवारी २०१४ पासून लागू झाला. खाजगी कंपनीसाठी ८० टक्के आणि सरकारी-खाजगी भागीदारीसाठी ७० टक्के बाधित कुटुंबांची पूर्वसंमती त्याने आवश्यक केली. नाबोथाच्या नकाराला कायद्यात प्रथमच जागा मिळाली. एकट्याच्या नव्हे, समूहाच्या नकाराला. सामाजिक परिणामांचा अभ्यास, ग्रामीण भागात बाजारभावाला एक ते दोनपर्यंतचा गुणक, त्यावर शंभर टक्के दिलासा रक्कम, हरकतीसाठी ३० ऐवजी ६० दिवस, मोबदला पुरता दिल्याशिवाय कब्जा नाही, अशा तरतुदी त्यात आहेत. तातडीचे कलम संरक्षण, राष्ट्रीय सुरक्षा आणि नैसर्गिक आपत्ती यांच्यापुरते आकसले. अन्य प्रसंगी संसदेची मान्यता हवी. आणि मुळशीच्या प्रश्नाचे उत्तर येथे मिळते : संपादनापूर्वी तीन वर्षे त्या जमिनीवर पोट भरणारी कुळे, शेतमजूर, कारागीर यांची कुटुंबेही 'बाधित कुटुंब' ठरतात.

हा कायदा झाल्यावर लगेच त्याच्या कडा झिजविण्याचे काम सुरू झाले. ३१ डिसेंबर २०१४ च्या अध्यादेशाने अनेक प्रकारच्या प्रकल्पांना संमती व सामाजिक अभ्यास यांतून सूट दिली. देशभरच्या विरोधानंतर तो ऑगस्ट २०१५ अखेर संपू दिला गेला. पण जे केंद्राला जमले नाही ते राज्यांनी आपापल्या दुरुस्त्यांनी साधले; महाराष्ट्रानेही २०१८ मध्ये काही प्रकल्पांना अशी सूट दिली. राष्ट्रीय महामार्ग आणि रेल्वे यांचे संपादन तर स्वतंत्र कायद्यांखाली चालते. मोबदल्याचे नवे मापदंड त्यांना लागू आहेत, परंतु संमतीची अट नाही. रस्त्यासाठी आलेल्या नोटिशीवर पहिल्या ओळीत कोणत्या कायद्याचे नाव आहे, हे म्हणून आधी पाहावे लागते. पुढच्या साऱ्या मुदती त्यावर ठरतात.

जुन्या प्रकरणांविषयी या कायद्याने दिलेली एक आशा २०२० मध्ये बरीच मावळली. पाच वर्षांहून जुना निवाडा असून कब्जा घेतला नसेल किंवा मोबदला दिला नसेल, तर संपादन रद्द, असे कलम २४ चे शब्द होते. घटनापीठाने ६ मार्च २०२० रोजी त्यातील 'किंवा' चा अर्थ 'आणि' असा घेतला. दोन्ही गोष्टी राहिल्या असतील तरच संपादन रद्द होईल. एका अव्ययावर किती एकर जमीन उभी असते, याचे याहून बोलके उदाहरण आम्हांला ठाऊक नाही.

त्याच वर्षी ८ जानेवारीला मात्र सर्वोच्च न्यायालयाने हिमाचल प्रदेशातील सुमारे ८० वर्षांच्या एका निरक्षर विधवेला न्याय दिला होता. १९६७-६८ मध्ये तिची जमीन कोणतीही कारवाई न करता रस्त्यासाठी घेतली गेली होती. ती फार उशिरा आली, हा शासनाचा युक्तिवाद न्यायालयाने झिडकारला. आपल्याकडील औद्योगिक विकास महामंडळाच्या एका प्रकरणातही १९६४ पासून मोबदल्यावाचून राहिलेल्या शेतकऱ्यांच्या वारसांना २०१२ मध्ये असाच दिलासा मिळाला होता. आणि १६ मे २०२४ रोजी कलकत्ता महापालिकेच्या प्रकरणात न्यायालयाने अनुच्छेद ३००-अ मधील त्या एका वाक्यातून सात हक्क उलगडून दाखविले : पूर्वसूचना, सुनावणी, सकारण निर्णय, सार्वजनिक प्रयोजन, न्याय्य मोबदला, कारवाई वेळेत पार पाडणे आणि ती रीतसर शेवटास नेणे. पहिला पूर्वसूचनेचा, दुसरा सुनावणीचा.

परंतु पूर्वसूचना जाते ती सातबाऱ्यावरील नावाने. आपल्या पुष्कळ घरांत ते नाव अजून आजोबांचे किंवा पणजोबांचे आहे. वारसांपैकी एक आखातात, एक कॅनडात, लग्न होऊन गेलेल्या बहिणींची नोंद नाही, तोंडी वाटणी झाली पण फेरफार झाला नाही, अशी स्थिती असते. आजोबांच्या नावाची नोटीस तलाठ्याच्या चावडीवर चिकटविली जाते आणि ६० दिवसांची मुदत तेथे शांतपणे सरत राहते.